पैशावरील जप्ती आणि ऋणकोची हरकत



जमिनीवर जप्ती आली म्हणजे ती गांवांत लपत नाहीं. कायद्यानेंच तसें ठरविलें आहे. जप्तीचा हुकूम त्या जमिनीवर किंवा तिच्या नजीक दवंडी पिटून अथवा अन्य रूढ रीतीनें जाहीर करावा लागतो, त्याची प्रत न्यायालयाच्या भिंतीवर लागते, आणि संध्याकाळपर्यंत पारावर दुसरा विषय निघत नाहीं. पैशावरील जप्तीची तऱ्हा निराळी. तिला दवंडी नाहीं, गाजावाजा नाहीं. न्यायालयाचा शिक्का असलेला एक कागद बँकेच्या शाखाधिकाऱ्याच्या मेजावर जातो, आणि दुसऱ्या दिवशीं मुलाची फी भरण्यासाठीं पैसे काढावयास गेलेल्या माणसाला खिडकीवर सांगण्यांत येतें कीं, तुमचें खातें थांबविलेलें आहे. आपल्यावर हुकूमनामा झाला आहे ही वार्ताही कित्येकांना त्याच खिडकीवर प्रथम कळते.

अशा माणसाला बहुधा दोन वाटा सुचतात, आणि दोन्ही वाईट असतात. नशिबाला बोल लावून स्वस्थ बसावें ही एक. उरलेसुरले पैसे भावाच्या किंवा मेहुण्याच्या नांवें करून टाकावे ही दुसरी. पहिलीनें हक्काची सूट बुडते. दुसरीनें तर अधिकच घात होतो. कारण जप्तींत आलेल्या मालमत्तेचा खासगी रीतीनें केलेला व्यवहार कायद्याच्या कलम ६४ प्रमाणें जप्तीखालील मागण्यांच्या विरुद्ध निरर्थक ठरतो, आणि ऋणकोच्या प्रामाणिकपणाविषयीं न्यायाधीशाचें मन कलुषित होतें तें वेगळेंच. तिसरी वाट जप्तीला हरकत घेण्याची. ती कोणीं, कोणत्या आधारावर आणि केव्हां घ्यावयाची, हा आजच्या भाषणाचा विषय आहे.

आरंभीं दोनतीन शब्दांची ओळख करून घेऊं. दाव्याचा निकाल लागून न्यायालय जो कागद देतें तो हुकूमनामा. ज्याच्या लाभाचा तो असेल त्याला आपण धनको म्हणूं. ज्यानें पैसे द्यावयाचे तो ऋणको. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसाठीं धनको जो अर्ज करितो त्याला दरखास्त म्हणतात. हा सारा व्यवहार १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेनें, विशेषतः तिच्या कलम ६० नें आणि एकविसाव्या आदेशानें, बांधलेला आहे. १९७६ सालीं या संहितेंत पुष्कळ महत्त्वाचे फेरफार झाले. ते ध्यानांत न घेतां वडिलांच्या वेळच्या ऐकीव माहितीवर विसंबणें धोक्याचें आहे.

आतां बँकेंतील शिल्लक म्हणजे काय, हें नीट पाहिलें पाहिजे. आपण समजतों कीं, बँकेच्या तिजोरींत आपलें गाठोडें ठेवलेलें आहे. कायदा तसें समजत नाहीं. कायद्याच्या दृष्टीनें आपण बँकेला पैसे उसने दिलेले असतात. बँकच आपली देणेकरी. म्हणून बँकेंतील रकमेची जप्ती म्हणजे गाठोडें उचलून नेणें नव्हे, तर ऋणकोला तें येणें वसूल करण्यास आणि बँकेला तें देण्यास एका लेखी हुकुमानें मनाई करणें होय. एकविसाव्या आदेशाचा नियम ४६ हेंच सांगतो. लासलगांवच्या बाजारांत कांदा विकून ज्याचे पैसे व्यापाऱ्याकडून यावयाचे आहेत, त्या शेतकऱ्याच्या येण्यावरही याच नियमानें जप्ती बसते. मग मनाई हुकूम व्यापाऱ्यावर बजावला जातो. अशा तिऱ्हाइताला वकिलांच्या बोलींत गार्निशी म्हणतात. १९७६ च्या फेरफारानें न्यायालयाला या तिऱ्हाइतास नोटीस देऊन, पैसे न्यायालयांत भर किंवा न भरण्याचें कारण दाखव, असें सांगतां येतें. हें देणें मला मान्य नाहीं असें व्यापाऱ्यानें म्हटलें, तर तो वाद दाव्यांतील मुद्द्याप्रमाणें पुरावा घेऊन चालवावा लागतो. नुसत्या धनकोच्या शब्दावर पैसे वसूल होत नाहींत.

बँकेनें मनाई मोडून खातेदारास पैसे दिले, तर तीच रक्कम तिला पुन्हां पदरची भरावी लागण्याचा प्रसंग येतो. यास्तव बँका खातेदाराच्या गयावयेला दाद देत नाहींत, आणि त्यांत त्यांचा दोषही नाहीं. शाखाधिकाऱ्याशीं भांडून घसा कोरडा करण्यांत अर्थ नाहीं; दाद मागावयाची ती ज्या न्यायालयाच्या हुकुमानें खातें थांबलें त्याच्यापुढें. मात्र शिल्लक हें बँकेचें देणें आहे, या एका गोष्टींतून ऋणकोच्या उपयोगाचें बरेंच निष्पन्न होतें. हुकूम बजावला त्या वेळीं जें देणें असेल त्यावर जप्ती सामान्यतः बसते. सातपूर किंवा अंबड येथील एखाद्या लहान कारखानदाराला बँकेनें दहा लाखांची कर्जमर्यादा मंजूर केलेली असते आणि त्यानें तींतून निम्मीच उचल केलेली असते. उरलेली मर्यादा हें बँकेचें देणें नव्हे. उलट बँकच त्याची धनको आहे. तेव्हां त्या न उचललेल्या मर्यादेवर जप्ती बसूं शकत नाहीं. कारखाना चालूं ठेवावयाचा कीं बंद करावयाचा, हें कधीं कधीं एवढ्याशा भेदावर अवलंबून असतें.

हरकत घेण्याचा जो हक्क आज आपणांस स्वाभाविक वाटतो, तो सहजासहजीं मिळालेला नाहीं, आणि त्याचा इतिहास आपल्याच मुलुखांतला आहे. १२ मे १८७५ रोजीं पुणें जिल्ह्यांतील सुपें येथें शेतकऱ्यांनीं सावकारांवर चाल केली, आणि तें लोण पुणें व नगर या जिल्ह्यांतील इतर गांवीं पसरलें. लक्षांत ठेवण्याजोगी गोष्ट ही कीं, जमावाचा रोख मुख्यतः कागदांवर होता. खतें, रोखे, हुकूमनामे मागून घ्यावयाचे आणि होळी करावयाची. ज्याला कागदाचें उत्तर कागदानें देतां येत नाहीं तो कागद जाळूं लागतो. त्या दंग्याच्या चौकशींत एकतर्फी हुकूमनाम्यांचा विषय ठळकपणें पुढें आला. शेतकरी न्यायालयांत हजरच होत नसे, आणि सावकाराच्या पदरांत निकाल विनासायास पडत असे. त्यांतून १८७९ चा दक्षिणेंतील शेतकऱ्यांच्या साह्याचा कायदा निघाला. तो प्रथम पुणें, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांपुरता होता. पुढें इतरत्र लागू झाला. पैशाच्या हुकूमनाम्यापोटीं शेतकऱ्याला कैद करण्यास त्यानें बंदी केली, खास गहाण दिलेली नसेल तर त्याची जमीन जप्तींतून सोडविली, आणि नुसता रोखा पाहून न थांबतां मूळ देण्याघेण्याचा हिशेब उकलून पाहावा असें न्यायाधीशाला बजावलें.

नाशिककरांना या कायद्याचा एक जवळचा दुवा आहे. महादेव गोविंद रानडे यांचा जन्म १८४२ सालीं आपल्या निफाडास झाला. १८७८ मध्यें ते न्यायखात्याच्या नोकरींत पुण्याहून नाशिकला आले आणि पुढच्याच वर्षीं धुळ्यास गेले. नंतर याच कायद्याच्या अंमलावर देखरेख ठेवणाऱ्या खात्यांत नेमणूक होऊन त्यांनीं ठिकठिकाणीं फिरून खालच्या न्यायालयांचें काम तपासलें, आणि १८८७ मध्यें ते त्या खात्याचे विशेष न्यायाधीश झाले. रानड्यांची आठवण आपण सभांतून आणि पुतळ्यांपाशीं काढतों. पण कर्जबाजारी कुणब्याचा हिशेब तपासीत गांवोगांव हिंडणारा न्यायाधीश ही त्यांची मूर्ति मला अधिक मोलाची वाटते. तो कायदा आतां राहिला नाहीं. परंतु हुकूमनामा झाल्यावरही ऋणकोजवळ जगण्यापुरतें कांहीं उरलें पाहिजे, हें त्यामागील तत्त्व आज कलम ६० मध्यें सर्वांसाठीं नांदत आहे.

तें कलम आतां पाहूं. अंगावरचे कपडे, स्वयंपाकाचीं भांडीं, कारागिराचीं हत्यारें, शेतकऱ्याचीं औतें, त्याच्या उपजीविकेला लागणारीं जनावरें व बियाणें यांना तें सूट देतें, हें बहुतेकांना ठाऊक असतें. पैशाच्या बाबतींतील सूट मात्र फारशी कोणाला माहीत नसते. अंगमेहनत करणाऱ्या मजुराची आणि घरगड्याची मजुरी मुळींच जप्त होत नाहीं. सैन्यांतील शिपायाचा पगार जप्त होत नाहीं. देवळाली आणि नाशिकरोड येथील तोफखान्याच्या वस्तींत राहणाऱ्या कुटुंबांनीं हें ध्यानांत ठेवावें. इतर नोकरांच्या पगाराचा पहिला एक हजार आणि उरलेल्याचा दोनतृतीयांश एवढा भाग सुटतो. समजा, एका कारकुनाचा पगार, सूट असलेले भत्ते वगळून, महिन्यास २५,००० रुपये आहे. पहिले १,००० बाजूला काढले, राहिले २४,०००. त्याचा दोनतृतीयांश म्हणजे १६,०००. एकूण १७,००० त्याच्या संसाराला राहतात आणि ८,००० पर्यंत जप्त होऊं शकतात. हेंही अनंत काळ चालत नाहीं. एकाच हुकूमनाम्यापोटीं अशी जप्ती एकूण चोवीस महिने चालली म्हणजे त्या हुकूमनाम्यापुरता तो पगार कायमचा मोकळा होतो. दुसऱ्या हुकूमनाम्यालाही मध्यें बारा महिन्यांची विश्रांति द्यावी लागते. बायकोमुलांच्या पोटगीचा हुकूमनामा असेल तर मात्र पारडें उलटतें. तेथें पगाराचा एकतृतीयांशच सुटतो, आणि तें योग्यच आहे. कारण ज्यांच्या पोटासाठीं सूट ठेवावयाची तेच येथें मागावयास आलेले असतात.

त्या एक हजाराविषयीं एक शब्द बोलल्यावांचून राहवत नाहीं. हा आंकडा पूर्वीं चारशें होता; १ जुलै २००२ पासून तो एक हजार झाला. तेव्हांपासून धान्याचे, औषधांचे, भाड्याचे दर कोठच्या कोठें गेले, पण कलमांतील हजार जागचा हललेला नाहीं. दोनतृतीयांशाच्या हिशेबानें मध्यम पगाराच्या माणसाचें निभावतें. ज्याची मिळकत अगदींच तुटपुंजी, त्याला आधार त्या ठरीव आंकड्याचाच असावयाचा, आणि तो आंकडाच खुजा राहिला आहे.

निवृत्तिवेतनाचा प्रश्न याहून नाजूक आहे. नाशिकरोडला १९२५ पासून सरकारी छापखाना आहे, नंतर तेथेंच नोटांचाही छापखाना झाला. ओझरला विमानांचा कारखाना आहे. या ठिकाणीं जन्म घालवून निवृत्त झालेलीं माणसें या जिल्ह्यांत घरोघर आहेत. कोणी सोसायटींतील मित्राला जामीन राहतो, कोणी मुलाच्या धंद्यासाठीं सही करितो, आणि उतारवयांत हुकूमनामा दारीं येतो. निवृत्तिवेतन आणि ग्रॅच्युइटी यांना कलम ६० नें सूट दिलेली आहे, आणि १९७६ पासून ती केवळ सरकारी नोकरांपुरती नसून कोणत्याही मालकाच्या निवृत्त नोकरास आहे. भविष्यनिर्वाह निधीला सूट आहे. आयुर्विम्याच्या पॉलिसीवरील रकमेलाही आहे. येथपर्यंत वाद नाहीं. वाद उत्पन्न होतो तो हा पैसा बँकेंत आल्यावर. धनको म्हणतो, निधीच्या कचेरींत होता तोंवर तो निधि. आतां तो नुसता पैसा. १९७६ सालीं सर्वोच्च न्यायालयानें ज्योति चिट फंडाच्या प्रकरणांत सांगितलें कीं, अशी रक्कम नोकराच्या हातीं पडेपर्यंत तिचें मूळ स्वरूप टिकून राहतें. मग हातीं पडल्यावर काय, ही शंका उरलीच. २००८ सालीं राधेश्याम गुप्ता विरुद्ध पंजाब नॅशनल बँक या प्रकरणांत त्याच न्यायालयानें एक पाऊल पुढें टाकलें : निवृत्तीच्या वेळीं मिळालेली रक्कम माणसानें मुदत ठेवींत गुंतविली, एवढ्यानें तिचें स्वरूप पालटत नाहीं, आणि जप्तीपासूनचें संरक्षण जात नाहीं.

या निर्णयाचा लाभ घ्यावयाचा तर त्यामागचा व्यवहार ओळखला पाहिजे. न्यायालयापुढें प्रश्न पुराव्याचा असतो. ज्या खात्यांत केवळ निवृत्तिवेतनच जमा होतें त्याचें पासबुक स्वतःच साक्ष देतें. ज्या खात्यांत निवृत्तिवेतन, घरभाडें, शेतमालाचे पैसे, जांवयानें परत केलेली उसनवार असें सारें एकत्र मिसळलें आहे, तेथें कोणता रुपया कोठून आला हें सांगतां सांगतां वकिलाच्याही नाकीं नऊ येतात. पगाराच्या बाबतींत तर हें अधिकच खरें आहे. मालकाकडून देय असलेल्या पगाराला सूट स्पष्ट शब्दांत आहे, पण खात्यांत शिरून इतर पैशांत विरघळलेल्या पगारासाठीं तीच सूट मागणें कठीण जातें. कर्जाची सावली अंगावर असलेल्या निवृत्त माणसानें निवृत्तिवेतनाचें खातें निराळें ठेवावें आणि त्यांत दुसरा पैसा येऊं देऊं नये. त्याला फुकट मिळणारें हें एक चिलखत आहे.

आणि ही सूट सहीच्या फटकाऱ्यानें जात नाहीं. कर्जाच्या छापील कागदांत बारीक अक्षरांत लिहिलेलें असतें कीं, ऋणको आपल्याला मिळणाऱ्या सर्व सवलती सोडून देत आहे. कलम ६० मध्यें १९७६ सालीं घातलेलें पोटकलम म्हणतें कीं, या कलमानें मिळणारी सूट सोडून देण्याचा करार निरर्थक आहे. सही केली म्हणून तोंड बांधलें गेलें, असें कोणी समजूं नये.

हरकत ऋणकोच घेतो असें नाहीं. पुष्कळदां ती घेण्याचा खरा अधिकार घरांतील दुसऱ्याच माणसाचा असतो. एक उदाहरण कल्पूं. सिन्नरकडील एका वृद्ध विधवेला कुटुंब-निवृत्तिवेतन मिळतें. बँकेंत जाणें होत नाहीं म्हणून तिनें खात्यावर मुलाचें नांव सोयीसाठीं घातलेलें आहे. मुलाचें ट्रॅक्टरच्या सुट्या भागांचें दुकान बुडालें. त्याच्यावर हुकूमनामा झाला. धनकोनें त्याच्या नांवाचीं खातीं शोधून काढलीं, आणि त्यांत आईचें खातें सांपडलें. बाईचें देणें एका पैचें नाहीं, पण तिचीं औषधें थांबलीं. येथें मुलानें न्यायालयांत जाऊन रडण्यापेक्षां आईनें स्वतःच्या नांवें एकविसाव्या आदेशाच्या नियम ५८ प्रमाणें अर्ज करावा. जप्ती ऋणकोच्या हितसंबंधापुरतीच पोहोंचते. या नियमाखालीं त्या पैशावर कोणाचा काय हक्क आहे हें सबंध त्याच कामांत ठरवावें लागतें, आणि तो निर्णय हुकूमनाम्याच्याच योग्यतेचा असून त्यावर अपील चालतें. निवृत्तिवेतनाचा मंजुरी हुकूम, पासबुक, आणि मुलानें त्या खात्यांत कधीं पैसे भरलेले नाहींत हें दाखविणारा उतारा, एवढी सामग्री असली म्हणजे बाईचें म्हणणें आपल्या पायावर उभें राहतें. वेळेचें बंधन मात्र कडक आहे. मुद्दाम किंवा विनाकारण उशीर केलेला अर्ज ऐकून न घेण्याची न्यायालयास मुभा आहे. आणि पैसे एकदां धनकोच्या हातीं गेले म्हणजे ही वाट फारच अरुंद होते.

ऋणकोची स्वतःची हरकत बहुतकरून कलम ४७ खालीं येते. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसंबंधीं पक्षकारांमधील सर्व प्रश्न दरखास्त चालविणाऱ्या न्यायालयानेंच सोडवावे, त्यासाठीं निराळा दावा चालत नाहीं, असें तें कलम आहे. पण येथें एक मर्यादा कित्येकांच्या ध्यानांत येत नाहीं. दरखास्तीचें न्यायालय मूळ निकाल बरोबर होता कीं चूक, हें पुन्हां तपासीत नाहीं. माझें देणें एवढें नव्हतेंच, व्याज जास्त लावलें, साक्षीदार खोटा होता, हीं सर्व गाऱ्हाणीं अपिलांत. समन्सच मिळालें नाहीं व निकाल एकतर्फी झाला, असें असेल तर तो निकाल रद्द करून घेण्याचा अर्ज मूळ न्यायालयांत करावा लागतो. त्याची मुदत तीस दिवसांची, आणि समन्स योग्य रीतीनें बजावलेलें नसेल तर ती निकाल कळल्यापासून धरितात. बँकेच्या खिडकीवर ज्याला प्रथम कळलें त्यानें तो दिवस पंचांगावर मांडून ठेवावा.

कलम ४७ खालीं येणाऱ्या हरकतींपैकीं ज्या हरकतीनें खेड्यांतील माणूस सर्वांत अधिक फसतो ती सांगतों. हुकूमनामा झाल्यावर चांदवडचा एक शेतकरी धनकोच्या घरीं जाऊन दोन चुलत्यांच्या समक्ष रोख पैसे मोजून देतो. चहा होतो, प्रकरण मिटलें असें दोघेही म्हणतात. दोन वर्षांनीं दरखास्त येते आणि खातें थांबतें. तो म्हणतो, मीं पैसे दिले. पण न्यायालयाबाहेर केलेली फेड न्यायालयाच्या दप्तरीं नोंदली गेली नसेल, तर दरखास्त चालविणारें न्यायालय तिची दखलच घेऊं शकत नाहीं. एकविसाव्या आदेशाचा नियम २ इतका कठोर आहे. नोंद करून घेण्यासाठीं ऋणकोनें अर्ज करावयाचा तो तीस दिवसांत, आणि तोही लेखी पुरावा असेल किंवा धनको कबूल करीत असेल तरच. चुलत्यांची शपथ तेथें उपयोगी पडत नाहीं. हा नियम निष्ठुर वाटतो, परंतु खोट्या फेडींच्या कहाण्यांनीं दरखास्ती वर्षानुवर्षें अडून राहात, त्याला आळा घालण्यासाठीं तो आहे. पैसे न्यायालयांत भरावे, किंवा बँकेमार्फत द्यावे आणि नोटीस द्यावी. हातावर देऊं नयेत.

निकाल लागण्यापूर्वींच जप्ती आली असेल तर हरकतीचें बळ पुष्कळ वाढतें. अडतिसाव्या आदेशाच्या नियम ५ प्रमाणें अशा जप्तीसाठीं, प्रतिवादी पुढील हुकूमनाम्याला अडथळा आणण्याच्या हेतूनें आपली मालमत्ता विकून टाकीत किंवा हलवीत आहे, अशी न्यायालयाची खात्री पटावी लागते. आणि प्रथम प्रतिवादीला तारण देण्याची किंवा कारण दाखविण्याची संधि द्यावी लागते. या अटी मोडून केलेली जप्ती निरर्थक आहे. रमण टेक विरुद्ध सोलंकी ट्रेडर्स या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें बजावलें आहे कीं, हा अधिकार असाधारण असून बिनतारणाच्या कर्जाला तारण मिळवून देण्याचें साधन म्हणून तो वापरावयाचा नाहीं. शेतकऱ्याच्या ताब्यांतील शेतमालावर तर निकालापूर्वीं जप्ती मागतांच येत नाहीं. चाळींतला कांदा अशा रीतीनें सुरक्षित आहे. तो विकून व्यापाऱ्याकडे राहिलेल्या पैशाला मात्र हें छत्र नाहीं.

येथें एक सावधगिरीची सूचना. खातें थांबलें म्हणजे दिवाणी न्यायालयाचीच जप्ती, असें नव्हे. सहकारी संस्थेचें वसुलीपत्र असेल तर तो मार्ग महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाचा, आणि तेथें दिवाणी न्यायालय सहसा हात घालीत नाहीं. मालमत्तेच्या फसवणुकीच्या तपासांत पोलिसांनीं खातें गोठविलें असेल तर तो फौजदारी कायद्याचा विषय, आणि दाद फौजदारी न्यायालयांत. म्हणून बँकेकडून पहिल्याच दिवशीं त्या कागदाची प्रत, निदान कोणत्या कचेरीचा, कोणत्या क्रमांकाचा आणि किती रकमेचा हुकूम आहे ही माहिती लेखी मागावी. चुकीच्या दारांत महिना गेला तर तो परत मिळत नाहीं.

धनकोचीही बाजू आहे, आणि ती लहान नाहीं. भारतांतील पक्षकाराच्या अडचणी खऱ्या अर्थानें हुकूमनामा मिळाल्यावरच सुरू होतात, असा शेरा प्रिव्ही कौन्सिलनें १८७२ सालींच मारून ठेविला होता. अनेकदां धनको हाच दुबळा असतो : थकलेल्या पगाराचा नोकर, अपघातांत कर्ता पुरुष गमावलेलें कुटुंब, फसविला गेलेला द्राक्षबागाईतदार. २०२१ सालीं राहुल शाह यांच्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें दरखास्ती सहा महिन्यांच्या आंत निकालांत काढाव्या असें फर्माविलें, तें या दुखण्यासाठींच. केवळ वेळ काढण्याकरितां घेतलेल्या हरकतीवर खर्च बसतो, आणि बसावाही. ज्याच्याजवळ पैसे आहेत आणि जो जाणूनबुजून देत नाहीं, त्याला दिवाणी तुरुंगाचीही वाट मोकळी आहे. ज्याच्याजवळ खरोखर नाहींत त्याला केवळ दारिद्र्यापायीं तेथें पाठवितां येत नाहीं, हें १९८० सालीं जॉली जॉर्ज व्हर्गिस यांच्या प्रकरणांत ठरलें आहे.

प्रत्यक्ष अर्ज करितांना त्यांत दरखास्तीचा क्रमांक, जप्त रक्कम, ती कोठून आली त्याचा तपशील, आणि कलम ६० चें नेमकें पोटकलम यावें. सोबत प्रतिज्ञापत्र आणि पासबुकाचा उतारा. त्याच अर्जांत किंवा जोडीच्या अर्जांत, निर्णय होईपर्यंत रक्कम धनकोला देऊं नये, अशी तहकुबी मागावी; ही मागणी विसरली तर अर्ज जिंकूनही हात रिकामे राहतात. वर अपील केलें एवढ्यानें दरखास्त थांबत नाहीं. थांबविण्याचा निराळा हुकूम घ्यावा लागतो, आणि पैशाच्या हुकूमनाम्यांत त्यासाठीं बहुधा रक्कम भरावी किंवा तारण द्यावें लागतें. पुढें मूळ हुकूमनामाच रद्द झाला तर नेलेले पैसे कलम १४४ खालीं परत मागतां येतात. वकील करण्याची ऐपत नसेल त्यानें जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे किंवा तालुक्याच्या समितीकडे जावें. १९८७ च्या कायद्यानें स्त्रियांना आणि अनुसूचित जातिजमातींच्या व्यक्तींना ही मदत उत्पन्नाचा विचार न करितां मिळते. सुरगाणा, पेठ, कळवण या भागांतील आदिवासी बांधवांनीं आणि वर सांगितलेल्या त्या वृद्ध आईसारख्या बायांनीं ती निःसंकोच मागावी.

जप्ती उठली तरी एक काम उरतें. दरखास्त निकालांत निघतांना जप्ती पुढें चालूं ठेवण्याविषयीं न्यायालयानें कांहींच लिहिलें नाहीं, तर ती संपली असें कायदा धरितो. पण बँकेला हें आपोआप कळत नाहीं, आणि मनाईचा पहिला कागद तिच्या दप्तरीं तसाच राहतो. म्हणून सुटकेच्या हुकुमाची शिक्क्याची नक्कल काढावी, ती स्वतः शाखेंत न्यावी, आणि पोहोंच घेतल्यावांचून तेथून उठूं नये.